बारीक दिसणं आणि बरं असणं

जानेवारी २००४मध्ये 'द लॅन्सेट' या वैद्यकीय साप्ताहिकात एक छोटंसं टिपण प्रसिद्ध झालं. सोबत एक छायाचित्र होतं. त्यात दोन सडपातळ डॉक्टर दिसतात : पुण्याच्या केईएम रुग्णालयाचे डॉ. चित्तरंजन याज्ञिक आणि लंडनचे डॉ. जॉन युडकिन. उंची आणि वजन यांच्या गणितातून निघणारा बीएमआय दोघांचाही अगदी एकच, २२.३. म्हणजे कागदावर दोघंही उत्तम. मग दोघांच्या शरीरातली चरबी क्ष-किरणांच्या खास तपासणीनं मोजली. युडकिन यांच्या अंगात ती ९.१ टक्के निघाली, याज्ञिकांच्या अंगात २१.२ टक्के. दुपटीहून जास्त. दोघांच्या आडनावांचं इंग्रजी आद्याक्षर 'वाय', म्हणून वैद्यकाच्या जगात हे टिपण 'वाय-वाय पॅरडॉक्स' या नावानं ओळखलं जातं. युडकिन जमेल तेव्हा मॅरेथॉन धावतात आणि याज्ञिकांची धाव रोज सकाळी रुग्णालयाच्या लिफ्टचं दार मिटण्याआधी ती गाठण्यापुरती असते, हेही त्यात प्रांजळपणे नोंदवलं होतं. याज्ञिकांचं जन्मवजन कमी होतं, हेसुद्धा.

आपल्या शरीराचा स्वीकार करावा की ते सुधारण्याच्या मागे लागावं, या वादात मला हे छायाचित्र फार महत्त्वाचं वाटतं. एक बाजू म्हणते, आहे तसं शरीर आवडून घ्या, बाकी सगळा बाजाराचा खेळ आहे. दुसरी म्हणते, वजन उतरवा, नाहीतर मधुमेह आणि हृदयविकार ठरलेला. दोन्ही बाजू बघतात मात्र एकाच गोष्टीकडे, अंगाच्या आकाराकडे. आणि निदान भारतीय माणसाच्या बाबतीत तरी आकार बघून आतलं काही सांगता येत नाही.

हे कशावरून, ते पुण्याजवळच्या सहा गावांतून कळलं. १९९३मध्ये याज्ञिक आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी इंग्लंडमधल्या साउदॅम्प्टनच्या संशोधकांबरोबर या गावांतल्या बायकांची नोंद ठेवायला सुरुवात केली, तीही गरोदर राहण्याच्या आधीपासून. बाळ जन्मलं की त्याचं वजन, लांबी, डोक्याचा आणि पोटाचा घेर मोजायचा. मग खांद्याच्या फऱ्याखालची कातडी अंगठा आणि तर्जनी यांच्या चिमटीत हलकेच उचलायची आणि कॅलिपरच्या दोन टोकांमध्ये धरून त्या घडीची जाडी बघायची. त्या घडीत कातडीखालची चरबी असते. साउदॅम्प्टनच्या बाळांचं सरासरी वजन ३.५ किलो भरलं, पुण्याकडच्या बाळांचं २.७ किलो. आपली बाळं सगळ्याच मापांत लहान होती, पोटातल्या अवयवांत आणि स्नायूंत तर फारच. पण फऱ्याखालची ती घडी त्या मानानं जवळजवळ शाबूत होती. वजनाला हलकं, स्नायूंना कमी आणि चरबी राखून असलेलं असं हे मूल. २००३मध्ये हा अभ्यास छापून आला तेव्हा त्याला 'थिन-फॅट' भारतीय बाळ म्हटलं गेलं. त्याच्या आदल्या वर्षीच्या अभ्यासात नाळेतल्या रक्तातलं इन्सुलिनही आपल्या बाळांत जास्त आढळलं होतं.

पुढे हीच मुलं सहा वर्षांची झाल्यावर तपासली, तेव्हा ज्यांच्या आईच्या रक्तात गरोदरपणी बी-१२ जीवनसत्त्व कमी आणि फोलेट जास्त होतं, त्यांच्यात इन्सुलिनला दाद न देण्याची प्रवृत्ती अधिक दिसली. बी-१२ मिळतं दूध, अंडी, मासे, मटण यांतून, आणि आपल्याकडे पुष्कळ घरांत बायकांच्या वाट्याला ते सगळ्यात शेवटी आणि सगळ्यात कमी येतं. २०१२पासून याच गावांतल्या, तोवर वयात आलेल्या मुलामुलींना बी-१२ देऊन त्यांच्या पुढच्या पिढीवर काय परिणाम होतो, हे पाहण्याचा प्रयोगही सुरू झाला.

मला यात एक मोठा दिलासा दिसतो. अंगात चरबी किती राखायची, ती कुठे ठेवायची आणि स्नायू किती घडवायचे, याचा बराचसा निकाल पहिला घास पोटात जाण्याआधी लागलेला असतो. ज्या आईला पोटभर मिळालं नाही, तिच्या पोटात वाढणाऱ्या बाळानं टिकून राहण्यासाठी केलेली ती तजवीज असते. अशा शरीराच्या मालकाला आळशी किंवा खादाड म्हणून हिणवण्यात काही अर्थ नाही. आणि त्याच शरीराकडे दुर्लक्ष करणंही परवडणारं नाही, कारण ते इतरांच्या मानानं लवकर अडचणीत येतं.

ते कसं, हे थोडक्यात सांगते. कातडीखालची चरबी हे शरीराचं कोठार आहे आणि तिथे ती फारशी कुणाला त्रास देत नाही. आपलं हे कोठार लहान असतं. ते भरलं की जास्तीची चरबी यकृतात, स्वादुपिंडात, स्नायूंत, आतड्यांभोवती जाऊन बसते. यकृतात चरबी साचली की ते इन्सुलिनचं ऐकत नाही आणि वेळी-अवेळी रक्तात साखर सोडत राहतं. दुसऱ्या बाजूला, जेवणानंतर रक्तात आलेली साखर उचलून घेण्याचं मोठं काम स्नायूंचं. तेच कमी असले की ती साखर रक्तातच रेंगाळते. पाच फूट सहा इंच उंचीचा, ६२ किलोचा एखादा माणूस घ्या. बीएमआय २२. हातपाय काटकुळे, फक्त पोट तेवढं पुढे आलेलं. 'अहो, तुम्हाला काय धाड भरलीय, काही अंगी लागत नाही तुमच्या' असं सगळे कौतुकानं म्हणतात आणि तोही कधी रक्त तपासत नाही. साखर कळते तेव्हा पायाची जखम महिनाभर भरत नसते, नाहीतर डोळ्यांचा डॉक्टर आधी साखर तपासून या म्हणून परत पाठवतो. बारीक असण्याची ही शाबासकी आपल्याकडे किती जणांना महागात पडली आहे, याचा कुणी हिशोब ठेवत नाही.

मुळात बीएमआय एकेका माणसाची तब्येत जोखायला निघालेलाच नव्हता. बेल्जियमचे अडॉल्फ केटले हे खगोलशास्त्रज्ञ आणि संख्याशास्त्रज्ञ. १८३०च्या दशकात ते 'सरासरी माणूस' शोधत होते आणि त्या ओघात त्यांनी वजन आणि उंचीचा वर्ग यांचं नातं मांडलं. १९७२मध्ये अमेरिकेतल्या अँसेल कीज यांनी त्या गणिताला बीएमआय हे नाव दिलं, तेही पुरुषांच्या मोजमापांवरून आणि लोकसमूहांच्या अभ्यासासाठी. मोजायला सोपा म्हणून तो दवाखान्यात शिरला आणि विमा कंपन्यांच्या अर्जांतही. आशियाई माणसांना कमी वजनातच धोका सुरू होतो हे दिसल्यावर जागतिक आरोग्य संघटनेच्या तज्ज्ञांनी २००४मध्ये आपल्यासाठी २३ आणि २७.५ अशा खालच्या पायऱ्या सुचवल्या. भारतातल्या तज्ज्ञांनी २००९मध्ये २५लाच लठ्ठपणा म्हणावं असं ठरवलं. आणि जानेवारी २०२५मध्ये एका आंतरराष्ट्रीय आयोगानं त्याहून पुढची गोष्ट मांडली : नुसत्या बीएमआयवरून कुणाला आजारी ठरवू नका. चरबी खरोखर जास्त आहे का ते दुसऱ्या मापानं पडताळा, आणि तिच्यामुळे एखाद्या अवयवाचं काम बिघडलं असेल किंवा रोजची कामं अवघड झाली असतील, तेव्हाच त्याला आजार म्हणा.

हे वाचून मला आठवतात त्या कितीतरी बायका, ज्या दवाखान्याची पायरी चढायचं टाळतात. गुडघा दुखतोय, वजन कमी करा. पाळी अनियमित आहे, वजन कमी करा. दम लागतोय, वजन कमी करा. दम हिमोग्लोबिन आठवर आल्यामुळेही लागू शकतो आणि पाळी थायरॉइडमुळेही चुकते, पण तपासणीच्या आधीच निकाल लागलेला असतो. अशा दोन-तीन खेपा झाल्या की बाई घरगुती उपायांवर दिवस काढते. हळदीकुंकवाला 'काय गं, किती सुटलीस!' आणि वर्षभरानं 'अगं, केवढी बारीक झालीस, मस्त दिसतेस', ही दोन्ही वाक्यं बोलणाऱ्याच्या मनात प्रेमाचीच असतात. पण दुसरं वाक्य ज्या बाईला ऐकवलं, ती कदाचित टायफॉइडमधून उठलेली असते, किंवा तिची साखर चारशेच्या घरात गेल्यामुळे तिचं वजन उतरलेलं असतं.

टोमण्यांमुळे माणूस मनावर घेतो आणि बारीक होतो, ही समजूत तर पुराव्यावर टिकत नाही. अमेरिकेत पन्नाशीपुढच्या सहा हजारांहून अधिक लोकांचा चार वर्षांच्या अंतरानं अभ्यास झाला होता. सुरुवातीला लठ्ठ नसलेल्यांपैकी ज्यांना वजनावरून भेदभाव सोसावा लागला होता, ते पुढे लठ्ठ होण्याची शक्यता इतरांच्या सुमारे अडीच पट निघाली. यात नवल नाही. ज्या शरीराची लाज वाटते, ते घेऊन माणूस मैदानावर, पोहण्याच्या तलावावर किंवा जिममध्ये जात नाही. आणि अपमान गिळताना पुष्कळांना शेव-चिवड्याच्या डब्याचाच आधार असतो.

शरीराच्या स्वीकाराची चळवळ याच दुखण्यातून उभी राहिली. १९६७च्या उन्हाळ्यात न्यूयॉर्कच्या सेंट्रल पार्कमध्ये काहीशे माणसं जमली, त्यांनी डाएटची पुस्तकं जाळली आणि मजेत खाल्लं-प्यायलं. १९६९मध्ये जाड माणसांच्या हक्कांसाठी तिथे संस्था स्थापन झाली. नोकरीत डावलू नका, डॉक्टरांनी माणसासारखं वागवा, बसायला धड खुर्ची द्या, असं तिचं म्हणणं होतं. या मागण्या तेव्हाही रास्त होत्या, आजही आहेत. चळवळीच्या काही शाखांनी पुढे वजनाचा आणि आरोग्याचा काही संबंधच नाही असा सूर लावला. तिथे मात्र मी त्यांच्याबरोबर जाऊ शकत नाही. संबंध आहे, आणि तो माणसागणिक वेगळा आहे.

वजन उतरवण्याच्या बाजूचाही एक आंधळा कोपरा आहे. वजन हे इच्छाशक्तीचं माप आहे, असं ती बाजू धरून चालते. याच अँसेल कीज यांनी दुसऱ्या महायुद्धाच्या अखेरीस, १९४४-४५मध्ये, मिनेसोटा विद्यापीठात ३६ धडधाकट तरुण स्वयंसेवकांना सहा महिने अर्धपोटी ठेवलं होतं. त्यांना मिळायचं रोज सुमारे सोळाशे कॅलरींचं अन्न, आज व्हॉट्सॲपवर फिरणाऱ्या कित्येक तक्त्यांपेक्षा जास्तच. त्यांचं सुमारे पाव वजन गेलं. पण त्याबरोबर थंडी वाजू लागली, चिडचिड वाढली, कशात लक्ष लागेना. दिवसरात्र अन्नाचेच विचार. काहींनी पाककृतींची पुस्तकं जमवली. पोटभर जेवण पुन्हा सुरू झालं तेव्हा चरबी आधीपेक्षा जास्त परतली. अलीकडचा दाखला 'द बिगेस्ट लूजर' या अमेरिकन टीव्ही स्पर्धेचा. तिच्यातल्या १४ स्पर्धकांना संशोधकांनी सहा वर्षांनी पुन्हा तपासलं. बहुतेकांचं बरंच वजन परत आलं होतं, आणि त्यांचं शरीर स्वस्थ असताना त्यांच्या आकाराच्या मानानं रोज सुमारे ५०० कॅलरी कमीच जाळत होतं. झपाट्यानं उतरलेल्या वजनाला शरीर उपासमार समजतं आणि ते भरून काढायला बघतं.

महाराष्ट्रात काही वर्षांपूर्वी दोनदाच जेवावं की दर दोन तासांनी खावं, यावरून घराघरांत आणि व्हॉट्सॲप गटांत किती हातघाई झाली! डॉ. जगन्नाथ दीक्षित एका बाजूला, ऋजुता दिवेकर दुसऱ्या बाजूला. दोन्हींचा गुण आलेली माणसं मी पाहिली आहेत, दोन्ही सोडून दिलेलीही. त्या सगळ्या गदारोळात काट्यावरचा आकडा हाच पंच होता, हे मला खटकत राहिलं.

कारण त्याच्या कितीतरी आधी, २००६मध्ये, चेन्नईच्या डॉ. ए. रामचंद्रन यांच्या गटाचा एक भारतीय अभ्यास प्रसिद्ध झाला होता. मधुमेहाच्या उंबरठ्यावर असलेले ५३१ लोक त्यात होते. एका गटाला रोज अर्धा तास चालायला, साखर, मैदा आणि तेल-तूप कमी करायला आणि भाज्या-कडधान्यांसारखं तंतुमय अन्न वाढवायला सांगून त्याचा पाठपुरावा केला. तीन वर्षांत, नेहमीचाच सल्ला मिळालेल्यांपैकी ५५ टक्के लोकांना मधुमेह झाला. चालणाऱ्या गटात हे प्रमाण ३९ टक्के होतं. त्यांच्या सरासरी वजनात म्हणावी अशी घट झाली नव्हती. यातला प्रत्येक जण काट्याकडे बघून 'काही उपयोग नाही' असं म्हणत तिसऱ्या महिन्यात घरी बसला असता, तर हा फायदा हातचा गेला असता. मला वाटतं, स्वीकार आणि सुधारणा यांचा मेळ कुठे बसतो ते या अभ्यासात दिसतं. शरीराचा आकार तसाच राहिला तरी त्याच्या आतला कारभार सुधारतो.

काही जणांना मात्र वजन उतरवावंच लागतं. ज्यांना मधुमेह होऊन फार वर्षं झालेली नाहीत, अशांवर ब्रिटनमध्ये 'डायरेक्ट' नावाची चाचणी झाली. दवाखान्याच्या देखरेखीखाली अतिशय कमी कॅलरींचा आहार देऊन वजन उतरवलेल्यांपैकी ४६ टक्के लोकांची साखर वर्षअखेर औषधांशिवाय ताब्यात होती. ज्यांचं १५ किलो किंवा त्याहून जास्त वजन उतरलं, त्यांच्यात हे प्रमाण ८६ टक्के होतं. यामागचे एक संशोधक रॉय टेलर म्हणतात की चरबी साठवायची प्रत्येकाची आपापली मर्यादा असते. कुणी ९५ किलोलाही तिच्या आत असतो, कुणी ६८ किलोलाच ती ओलांडतो. घोरता घोरता झोपेत श्वास अडकत असेल, गुडघ्याची झीज सुरू झाली असेल, यकृतावरची सूज वाढत असेल, तर थोडं वजन उतरल्यानंही जगणं सुकर होतं. ते उतरवायचं ठरवणं म्हणजे आपल्या शरीराचा अव्हेर करणं नव्हे, जसं चष्मा लावणं म्हणजे डोळ्यांचा अपमान नव्हे.

मग लक्ष कशावर ठेवायचं? माझा भर शिंप्याच्या टेपवर आहे. सकाळी, काही खाण्याआधी, कपडे बाजूला सारून उभं राहायचं. शेवटची बरगडी आणि कमरेचं हाड बोटांनी चाचपायचं आणि त्या दोहोंच्या मधोमध टेप आडवा गुंडाळायचा. टेप कातडीला टेकलेला हवा, रुतलेला नको. पोट आत घ्यायचं नाही, श्वास सहज सोडायचा आणि मग आकडा वाचायचा. पँटची कंबर धरू नये, ती पोटाखाली घसरलेली असते. भारतीय पुरुषांत ९० आणि स्त्रियांत ८० सेंटिमीटरच्या पुढे गेलं की सावध व्हावं. ब्रिटनच्या आरोग्य यंत्रणेनं २०२२मध्ये याहून सोपा नियम पुढे केला : घेर उंचीच्या निम्म्याहून कमी असावा. आपल्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणाच्या पाचव्या फेरीत हा घेर मोजला गेला, तेव्हा देशातल्या सुमारे ४० टक्के स्त्रिया आणि १२ टक्के पुरुष पोटाच्या लठ्ठपणात मोडले. त्याच फेरीत महाराष्ट्रातल्या निम्म्याहून अधिक स्त्रियांमध्ये रक्तक्षय आढळला. पोटावर चरबी आणि रक्तात लोह नाही, ही जोडी एकाच बाईत सहज सापडते. तिनं पोट उतरवायला उपास वाढवले की रक्त आणखी उतरतं. म्हणून टेपच्या जोडीला वर्षातून एकदा रक्तदाब, तीन महिन्यांची सरासरी साखर, हिमोग्लोबिन आणि बी-१२ बघावं, मग अंगकाठी कशीही असो.

उरले स्नायू. आपल्या जन्मजात कमतरतेवर आपल्या हातात असलेला सगळ्यात मोठा उपाय हाच आहे आणि आपण त्याचाच सगळ्यात कमी विचार करतो. चालणं उत्तमच, पण त्यानं मांड्या, पाठ आणि दंड यांना पुरेसा भार मिळत नाही. आठवड्यातून दोनदा तरी उठाबशा, भिंतीला हात टेकून जोर, पाण्याच्या भरलेल्या बाटल्या उचलणं, जमल्यास जिममधली वजनं. पन्नाशीच्या बाईलाही हे जमतं आणि तिला त्याची गरज विशीतल्या मुलीपेक्षा जास्त असते. कारण पाळी गेल्यावर स्नायू आणि हाडं दोन्ही झपाट्यानं कमी होतात. हात न टेकता जमिनीवरून उठता येतं का, हे दर सहा महिन्यांनी पाहावं. ताटातही बदल हवा. पोळी-भात एक घास कमी आणि उसळ, पिठलं, दही, अंडं किंवा मासा एक वाढप जास्त. साबुदाण्याची खिचडी हा उपासाचा पदार्थ असला, तरी त्यात निव्वळ पिष्टच जास्त, हे ध्यानात ठेवावं.

२०२५मध्ये वजन उतरवणारी नवी इंजेक्शनं भारतात अधिकृतपणे आली, मार्चमध्ये मौंजारो आणि जूनमध्ये वेगोव्ही. ती घेणाऱ्याला 'शॉर्टकट मारला' म्हणून हिणवणं हा जुन्या टोमण्यांचाच नवा प्रकार आहे. ज्याची साखर, यकृत किंवा झोप बिघडली आहे, त्याच्यासाठी ती खरंच उपयोगी आहेत. पण या औषधांनी चरबीबरोबर स्नायूही उतरतात, आणि मुळातच स्नायू कमी असलेल्या आपल्या लोकांना हा तोटा जड जाऊ शकतो. शिवाय वेगोव्हीतल्या औषधाच्या एका मोठ्या चाचणीत ते थांबवल्यावर वर्षभरात उतरलेल्या वजनापैकी सुमारे दोन तृतीयांश परत आलं होतं. तेव्हा डॉक्टरांना आधी विचारावं : माझ्या कुठल्या तपासणीवरून हे औषध मला हवं आहे, किती काळ घ्यावं लागेल, महिन्याला खर्च किती येईल, आणि ते चालू असताना प्रथिनं किती खायची आणि ताकदीचा व्यायाम कोणता करायचा. चार महिन्यांवर आलेलं लग्न एवढंच कारण असेल, तर त्या मुलीनं शिंप्याकडे जाऊन ब्लाउज आपल्या मापाचं शिवून घ्यावं.